मी टेकवायला लावलेला पाय

माय, तू गेलीस त्याला सोळा वर्षं झाली. एवढ्या वर्षांत तुला काही लिहावं असं मला कधी वाटलं नाही, कारण तुला वाचता येत नव्हतं. आताही येणार नाही. तरी लिहितो आहे, कारण जे झालं ते तोंडानं कुणाला सांगण्यासारखं नाही, आणि लिहिताना निदान प्रत्येक शब्द मला परत तपासता येतो. तपासण्याचंच काम मी करतो. तू गेलीस त्या वर्षी माझी दहावी राहिली ती राहिलीच. आता लातूरला एका फ्लेक्सच्या दुकानात आहे. मजकूर टाइप करायचा, फोटो बसवायचा, गिऱ्हाइकाला प्रूफ पाठवायचं, त्याचं 'ओके' आलं की मशीनवर सोडायचं. ओके आल्याशिवाय छापायचं नाही, आणि ओके आल्यावर चूक निघाली तर ती गिऱ्हाइकाची, हा आमचा नियम. पण माझ्या हातून चुकीचा शब्द कधी चौकात लागलेला नाही. दुकानाच्या मालकांना सगळे आप्पा म्हणतात. ते म्हणतात, श्रद्धांजलीच्या फ्लेक्सवरच्या मेलेल्या माणसालाही तू ऱ्हस्व-दीर्घ विचारून घेशील. मी हसत नाही. प्रत्येक फ्लेक्स तीनदा वाचतो, छापून झाल्यावर चौथ्यांदा, आणि रात्री अंथरुणावर पडलो तरी डोळ्यासमोर एखादी वेलांटी येतेच.

यंदा पाऊस नाही. गावाला रेल्वेनं पाणी आणलं, एवढं सांगितलं तरी तुला कळेल. आमचं काम मात्र वाढलं. टँकर देणाऱ्याचा फोटो टँकरपेक्षा मोठा असतो. उदगीर जिल्हा होणार अशी हवा उठली की अभिनंदनाचे फ्लेक्स आम्ही तारखेची जागा मोकळी सोडून करून ठेवतो, आणि हवा गेली की त्या गठ्ठ्यावर बसून डबा खातो. अशा उन्हाळ्यात पुण्याहून एक बाई दुकानात आल्या. वयानं माझ्यापेक्षा थोड्या मोठ्या, बोलायला मऊ. त्या जुन्या फिल्मचे तुकडे गोळा करतात. ते खरवडतात, त्यांच्यावर औषधं टाकतात, मागंपुढं जोडतात आणि त्यातून नवंच चित्र करून पडद्यावर दाखवतात. याला व्हिडिओ आर्ट म्हणतात, असं त्यांनी मला दोनदा सांगितलं. नांदेडच्या एका भंगारवाल्याकडं त्यांना पत्र्याचा डबा मिळाला होता. त्यावर कुणीतरी 'मुदखेड, दुष्काळी काम' असं रंगवलेलं. आत एकच रीळ, बिनआवाजाचं, नाचणाऱ्या बायकांचं. त्यावरून त्यांनी काम केलं होतं, ते डाळमिलच्या एका रिकाम्या गोदामात दाखवणार होत्या, आणि त्याचा फ्लेक्स हवा होता. मजकुरात चार चुका होत्या. त्या मी काढल्या. मग फोटो फुटू नये म्हणून मोठा करून बघायला लागलो, तर पडद्यावर एक हात आला. डावा हात. त्यावर विंचू गोंदलेला, नांगीपाशी पाच ठिपके, आणि पाचवा ठिपका ओळ सोडून बाजूला गेलेला. गोंदताना तू हात ओढला होतास म्हणून तो सरकला, हे तूच मला सांगितलंस.

बाईंचं ओके आलेलं होतं. मशीनवर सोडलं. आमचं मशीन पट्ट्या-पट्ट्यांनी छापतं, माय. आधी तुझे केस आले, मग कपाळ, मग डोळे. तुझं तोंड पुरतं बाहेर यायला जेवढा वेळ लागला तेवढा वेळ मी तिथं उभा होतो, आणि माझ्या मनात काय होतं म्हणशील तर ही लाज होती, की आप्पांनी बघू नये. आप्पांनी बघितलंच. म्हणाले, "बाई झकास आहे की रे. कोन म्हनायची ही?" मी म्हणालो, असंल कुणीतरी जुनी.

तुझं नाचणं मला लहानपणापासून माहीत होतं आणि लहानपणापासूनच नको होतं. तू लपवलं नाहीस, उगाळलंही नाहीस. बहात्तरच्या दुष्काळात तुमचा तमाशाचा फड मोडला, ढोलकीवाला देगलूरकडं निघून गेला, आणि तुम्ही चौघी मुदखेडच्या बाजूला रस्त्याच्या कामावर खडी फोडायला लागलात. सरकारी सुकडी खाऊन दिवस काढलेत. पुढं दहा वर्षांनी जिल्हा नवा झाला, लातूरला कचेऱ्या आल्या, पोरांची वसतिगृहं निघाली आणि एका वसतिगृहात तुला भाकरीचं काम मिळालं. "जिल्हा झाला आन् माझे घुंगरू सुटले," असं तू म्हणायचीस, जसा काही तुझ्यासाठीच कुणी नकाशा कापला. माझा जन्म त्यानंतरचा. त्यामुळं माझी माय म्हणजे चुलीपुढची बाई. काटवटीत पीठ, कपाळावर राखेचा हात, आणि भाकरी थापण्याचा तो आवाज. मी ताटली उपडी घालून बसलेलो आहे. तू थापते आहेस आणि मी मोजतो आहे, एक ते आठ. आठ झाले की परत एक, आणि त्या एकावर तुझा हात जरा जोरात पडतो. ती सम. एक दिवस वसतिगृहाच्या पोरांनी खेळायला हाक मारली, मी सातावर ताटली टाकून उठलो. तू पिठाच्या हातानं माझ्या कानाखाली दिलीस. मारायची तुला सवय नव्हती, म्हणून मला जास्त लागलं. "येकावर ये आधी," तू म्हणालीस. "पाय उचलला त टेकवायचा. मधीच सोडला की बघनाऱ्याच्या पोटात खड्डा पडतो." मी रडत रडत आठ म्हटलं, मग एक म्हटलं, आणि गेलो. गालावरचं पीठ खेळताना घामात भिजून चिकट झालं.

सातवीत असताना पोरांना तुझ्या नाचण्याचं कुठूनतरी कळलं. मला वर्गात काय म्हणायला लागले ते इथं लिहीत नाही, शब्द बरोबर लिहिता येतो तरी लिहीत नाही. मी घरी येऊन तुला सांगितलं की शाळेत येऊ नको, आणि यायचंच असेल तर हात झाकून ये. तू विचारलंस, "कामून?" मी म्हणालो, त्या विंचवाची किळस येते सगळ्यांना. सगळ्यांना नाही, मलाच येत होती. त्यानंतर तू मनगटापर्यंत बाह्यांचं झंपर शिवून घेतलंस आणि चुलीपुढं भर उन्हाळ्यात तेच घातलंस. त्याच वर्षी नांदेडला गेलीस तेव्हा बसस्टँडवरून माझ्यासाठी शुद्धलेखनाचं पुस्तक आणलंस. गुरुजींनी सांगितलं होतं म्हणे, पोराचं अक्षर चांगलं आहे, त्याला हे द्या. तुला वाचता येत नव्हतं. विकणाऱ्यानं पंचांग दिलं असतं तरी तू छातीशी धरून आणलं असतंस. ते पुस्तक मी पाठ केलं. त्याच्यावरच आज पोट भरतं. झंपराबद्दल मी तुला कधी काही बोललो नाही.

बाईंच्या प्रदर्शनाला मी पहिल्याच दिवशी गेलो. गोदामाला अजून तुरीच्या कोंड्याचा वास होता. आत अंधार, तीन मोठे पडदे, तिन्हीवर तू. औषधानं फिल्म जाळल्यामुळं तुझ्या गालाला भोकं पडल्यासारखी दिसत होती आणि ती भोकं हलत होती. कधी तुझ्या अंगावर हिरवा डाग पसरायचा, कधी पिवळा, जखम पिकते तसा. एका पडद्यावर नुसता घोटा, माणसाएवढा मोठा. बिनआवाजाच्या फिल्मला बाईंनी आवाज दिला होता, काहीतरी ओलं चघळल्यासारखा. लोक पाण्याच्या बाटल्या घेऊन उभे होते आणि हळू आवाजात छान छान म्हणत होते. कॉलेजच्या दोन पोरांनी घोट्याकडं बघून शीळ घातली. पण सगळ्यात घाण होतं ते मधल्या पडद्यावर. तिथं तू पूर्ण दिसत होतीस, खडीच्या ढिगापुढं, अनवाणी, बोटांना चिंध्या बांधलेल्या. ढोलकी नाही, घुंगरू नाही, तरी पाय बरोबर पडत होते. मी आपोआप मोजायला लागलो. पाच, सहा, सात, आठला डावा पाय उचलला गेला, आणि चित्र मागं सरकलं. परत पाच, सहा, सात, आठ. पाय वर. परत मागं. पाय खाली येतच नव्हता. मी तिथं अर्धा तास होतो आणि अर्ध्या तासात एकदाही एक आला नाही. तू सांगितलेला तो पोटातला खड्डा मला खरोखर पडला.

बाहेर येऊन मी बाईंना गाठलं आणि सांगितलं की ती माझी माय आहे. त्यांच्या डोळ्यात पाणी आलं. तेही मला आवडलं नाही. त्या खुर्ची आणायला पळाल्या, मी बसलो नाही. म्हणालो, रंग लावलेत, भोकं पाडलीत, ते तुमचं तुम्हाला लखलाभ, माझ्या हातात काही नाही. पण तो पाय खाली आणा. माझ्या मायनं सम कधी सोडली नाही. पाय अधांतरी ठेवून तुम्ही तिला नाचता येत नव्हतं असं दाखवता आहात.

त्या म्हणाल्या, "दादा, त्याच्या पुढचं आहे माझ्याकडे. मी मुद्दाम घेतलं नाही. पुढे त्यांना नको होतं, असं मला वाटलं."

"तिला काय नको होतं ते तुम्ही ठरवणार का?" मी म्हणालो. "मी तिच्या चुलीपुढं वाढलो."

"तुम्ही आधी सगळं रीळ बघा. मग ठरवू."

"बघायची गरज नाही. पाय टेकवा."

एवढ्या जोरात मी आयुष्यात कुणाशी बोललो नव्हतो. आजूबाजूचे लोक बघायला लागले होते, आणि खरं सांगायचं तर मला बरं वाटत होतं. ज्या पोरानं तुझा हात झाकायला लावला तो आता चारचौघांत माझी माय म्हणत होता. बाई म्हणाल्या, हक्क तुमचा आहे. दुसऱ्या दिवशी एक पेनड्राइव्ह दुकानात देऊन गेल्या, त्यात पूर्ण रीळ होतं. आठवड्यानं त्यांचा मेसेज आला, बदल केला आहे, सोबत फाइल आहे, नांदेडला हीच दाखवू का, कृपया बघून कळवा. मी मशीनपाशी होतो. फाइल उघडली नाही. तुझा तो भोकं पडलेला गाल परत बघवणार नाही असं मी स्वतःला सांगितलं. लोकांच्या वाढदिवसाचे फ्लेक्स चारदा वाचणाऱ्या माणसानं न बघता टाइप केलं, ओके.

पेनड्राइव्ह महिनाभर गल्ल्याच्या खणात पडून होता. परवा दुपारी आप्पा जेवायला गेले, काम नव्हतं, तेव्हा लावला. त्यात तुझ्या तोंडाला डाग नव्हते. एकोणीस-वीस वर्षांची पोर, गालफडं बसलेली, ओठांना चिरा. मी आधी तुझी ओळखच पटेपर्यंत बघत राहिलो. मग पाय. पाच, सहा, सात, आठ, डावा पाय वर, आणि तू तो तसाच मागं घेतलास. खाली आणला नाहीस, मागं घेतलास, आणि दोन्ही पाय जोडून उभी राहिलीस. दोन्ही तळवे कॅमेऱ्याकडं केलेस. ओठ हलले. बिनआवाजाचं असलं तरी लहान पोरालाही कळेल असं होतं ते, बास. कॅमेरा चालूच राहिला. तू परत म्हणालीस, बास, आणि पदर तोंडावर ओढून घेतलास. मग डावीकडून एक हात चित्रात आला, घड्याळ बांधलेला, मुकादमाचा असेल. त्यानं तुझा हात धरला, बरोबर विंचवावर, आणि पदर तोंडावरून ओढला. मागं टँकर उभा आहे आणि त्याच्यापाशी बायका घागरी घेऊन उभ्या आहेत, त्याही इकडंच बघताहेत. तो माणूस टँकरकडं बोट दाखवून काहीतरी बोलतो आहे. तू त्या बायकांकडं बघितलंस. मग पदर कमरेला खोचलास आणि पहिल्यापासून सुरू केलंस, आणि आठानंतर तुझा पाय एकावर पडला. एकदम बरोबर पडला, माय. धूळ उडाली. कॅमेऱ्याकडं तू बघत नव्हतीस.

आणि आता मला आठवतं की हे तू मला सांगितलं होतंस. एकदा, भाकरी थापतानाच. म्हणाली होतीस की एक दिवस कामावर फिल्मवाले आले आन् बिनढोलकीचं नाचायला लावलं, नाचल्याबिगर टँकरची तोटी सोडंनात. सांगताना तू हसत होतीस म्हणून मीही हसलो. "लई घान वाटलं मला," असं शेवटी म्हणालीस, आणि मला वाटलं तू उन्हाबद्दल बोलतेस की धुळीबद्दल. मी विचारलं नाही. ताटली वाजवत राहिलो.

त्या बाईंनी जे केलं त्याची किळस मला अजून येते. तुझी कातडी जाळून तिचं चित्र करणं, आणि ते बघून लोकांनी बाटलीतलं पाणी पीत मान डोलावणं, हे मला कधीच कला वाटणार नाही, मग मी अडाणी असलो तर असलो. पण तू जिथं बास म्हणालीस तिथं त्या थांबल्या होत्या. पाय खाली यायच्या आधी त्यांनी हात मागं घेतला होता. त्या रिळाला हात लावणाऱ्या सगळ्यांत तेवढी एकच बाई थांबली, आणि तिला मी चारचौघांत ओरडून पुढं ढकललं. घड्याळवाल्या हातात आणि माझ्या हातात फरक एवढाच, की त्याला तू कोण ते माहीत नव्हतं.

म्हणून काल सकाळच्या बसनं नांदेडला गेलो. पक्कं ठरवून गेलो होतो, की बाईंना सांगायचं, माझं ओके मी परत घेतो, आधी होतं तसं करा. बसमध्ये वाक्य तयार केलं, दोन-तीनदा मनात दुरुस्तही केलं. तिथं हॉलमध्ये पडद्याशेजारी नवी पाटी लागली होती, त्यावर लिहिलेलं, 'नर्तकीच्या मुलाच्या सूचनेनुसार पुनर्संपादित'. एकही चूक नव्हती. पाटी बघून अंगावर पाल पडल्यासारखं झालं. बाई लांबून हसत आल्या आणि म्हणाल्या, पुढच्या महिन्यात हे काम मुंबईला जाणार आहे, त्याआधी तुमचं एकदा कळलं तर बरं. तोवर मी पडद्यासमोर उभा राहिलेलो होतो.

हे पत्र दुकानाच्या संगणकावर लिहितो आहे, ज्याचं काम संपलं अशा एका गिऱ्हाइकाच्या फोल्डरमध्ये. महिनाअखेरीला आप्पा जुनी फोल्डरं पुसून टाकतात. त्यांना मी हे ठेवा म्हणणार नाही. तीनदा वाचलं आहे, आता चौथ्यांदा वाचणार नाही.

काल तिथं बाईंनी विचारलं, "आता बरोबर आहे ना, दादा?" पडद्यावर सात झाले, आठ झाले, तुझा पाय खाली आला, आणि इतक्या दिवसांचा माझ्या पोटातला तो खड्डा भरला. मी 'हाव, बरोबर आहे' म्हणालो, माय. मग आणखी दोनदा बघितलं आणि परतीची बस धरली.